पहिला अल्बम करताय? स्टुडिओचं मीटर पडायच्या आधी हे वाचा

आमच्या अल्बमच्या पहिल्या दिवशी सकाळी दहाला आम्ही पाच जण स्टुडिओत पोचलो आणि दुपारचा एक वाजला तरी एक सूर रेकॉर्ड झालेला नव्हता. ड्रम लावण्यात तास-दीड तास जातोच, तो गेला, पण त्यानंतरचा दीड तास आम्ही तिसऱ्या गाण्याचा दुसरा व्हर्स, म्हणजे कडवं, आठ बारचा (तालाच्या आठ आवर्तनांचा) ठेवायचा की सोळाचा यावरून भांडत होतो. काचेपलीकडे इंजिनियर निवांत चहा पीत बसलेला, त्याचं काय, त्याचे पैसे तासावर. रिक्षात बसून मीटर टाकायला लावायचं आणि मग कुठं जायचंय ते घरी फोन करून विचारायचं, तसला प्रकार. ते गाणं पुढं अल्बममधून उडालंच, म्हणजे तो दीड तास सरळ पाण्यात.

तेव्हापासून माझं मत पक्कं झालंय की अल्बम माइकमुळं किंवा प्लगइनमुळं (आवाजावर काम करणाऱ्या छोट्या सॉफ्टवेअरमुळं) अडत नाही, तो न ठरवल्यामुळं अडतो. म्हणून खाली जे लिहिलंय ते सगळं त्याच अंगानं, कुठल्या टप्प्यावर काय ठरवायचं आणि एकदा ठरलं की पुन्हा उकरायचं नाही. आम्ही पुण्याचा बँड, दोन गिटार, बेस (तो मी, त्यामुळं माझं कुणी ऐकत नाही), ड्रम, गायक, गाणी मराठी, लेबल नाही, पैसे स्वतःच्या खिशातले. तुमची परिस्थिती साधारण अशीच असेल तर उपयोग होईल.

किती गाणी आणि कुठली

अल्बम म्हणजे बारा गाणी हवीतच असं काही नाही. एलपीच्या, म्हणजे मोठ्या तबकडीच्या, एका बाजूला चांगल्या आवाजात वीस-बावीस मिनिटं मावायची, त्यावरून चाळीस मिनिटांच्या आसपासचा अल्बम ही सवय पडली, आणि आता आपल्याकडं तबकडी फारसं कुणी काढत नसलं तरी ती लांबी कानाला बरोबर बसते. द स्ट्रोक्सचा २००१ चा पहिला अल्बम 'इज धिस इट' ११ गाण्यांचा, छत्तीस-सदतीस मिनिटांत संपतो. बॉन इव्हेअरच्या 'फॉर एमा, फॉरएव्हर अगो'त ९ गाणी आहेत, लांबी जवळपास तेवढीच. तेव्हा आठ-नऊ चांगली गाणी असतील तर ती भरपूर झाली, नववं नुसतं भरतीला घालायचं असेल तर नका घालू.

गाणी निवडायची आमची पद्धत सांगतो. चौदा गाणी होती, सगळी जॅमरूममध्ये फोनवर रेकॉर्ड केली. फोन खोलीच्या मधोमध, छातीच्या उंचीवर, सिंबलपासून लांब ठेवायचा, नाहीतर नुसती झांज ऐकू येते. मग आठवडाभर कुणी काही वाजवायचं नाही, फक्त ऐकायचं, बसमध्ये, भांडी घासताना, कुठंही. आठवड्यानं प्रत्येकानं एकमेकांशी न बोलता कागदावर सात नावं लिहिली. पाचपैकी चार कागदांवर आलेली गाणी थेट आत, एकाच कागदावर आलेली थेट बाहेर, आणि चर्चा फक्त मधल्यांवर. ज्यानं गाणं लिहिलंय तो रुसतो, रुसू द्या, ईपीला, म्हणजे पुढच्या छोट्या अल्बमला, वापरू म्हणून सांगा.

प्री-प्रॉडक्शन, म्हणजे खरा अल्बम इथंच होतो

हा भाग सगळ्यांना बोअर वाटतो आणि सगळा पैसा इथंच वाचतो. महिना-दीड महिना धरा.

सगळ्यात आधी टेम्पो. स्टेजवर आपण सगळेच पळतो, अंगात आलेलं असतं, आणि तोच टेम्पो डोक्यात बसतो. आमचं एक गाणं गिगला, म्हणजे कार्यक्रमात, मिनिटाला १३२ ठोक्यांनी जायचं, घरी मेट्रोनोम (ठेका धरून टिकटिक करणारं यंत्र) लावून बघितलं तर १२४ ला शब्द पहिल्यांदा नीट ऐकू आले. प्रत्येक गाण्याचा बीपीएम, म्हणजे मिनिटाला किती ठोके, ठरवा, वहीत लिहा, आणि ड्रमरला मेट्रोनोमच्या त्या क्लिकवर रोज घरी वाजवू द्या, पॅडवर, उशीवर, कशावरही. सगळीच गाणी क्लिकवर करायला हवीत असं मी म्हणत नाही, एखादं गाणं श्वास घेतल्यासारखं मागंपुढं होत असेल तर त्याला क्लिक लावून मारू नका, पण मग तेही आधी ठरलेलं पाहिजे, कारण क्लिकशिवाय वाजवलेल्या ड्रमवर नंतर कॉपी-पेस्टची सोय जवळजवळ संपते.

मग गाण्याचा नकाशा. कार्डशीट घ्या, स्केचपेननं मोठ्या अक्षरात लिहा: इंट्रो ४, व्हर्स ८, कोरस ८, मधलं ४, असं शेवटपर्यंत. शेवट कसा होतो तेसुद्धा लिहा, एकदम बंद की वाजत वाजत विरतो, कारण शेवटावर प्रत्येक बँड गडबडतो. आमचं ते आठ की सोळा बारचं भांडण या एका कार्डशीटनं वाचलं असतं.

तिसरी गोष्ट पट्टी. जॅमरूममध्ये गायकाचा आवाज कुणालाच ऐकू येत नसतो, तोही बिचारा ओरडत असतो, आणि ओरडून वरची नोट लागते. स्टुडिओत हेडफोनवर हळू गायची वेळ आली की कळतं की पट्टी दीड सूर वर आहे. म्हणून एक दिवस नुसती अकूस्टिक गिटार आणि आवाज घेऊन सगळी गाणी म्हणून बघा. गरज पडली तर अख्खी गिटार अर्धा सूर खाली ट्यून करा, बोटं तीच राहतात आणि गायकाचा गळा सुटतो.

आणि शब्द. स्टुडिओत बसून कडवं बदलायचं नाही. कितीही सुचलं तरी.

हे सगळं झालं की घरच्या लॅपटॉपवर प्रत्येक गाण्याचा गाइड ट्रॅक करा, म्हणजे क्लिक, एक साधी गिटार आणि कच्चा आवाज. मॅक असेल तर गॅरेजबँड हे रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर फुकट आहे, विंडोजवाल्यांसाठी रीपर, ६० दिवस चालवून बघता येतं आणि नंतर छोट्या लायसन्सची किंमत ६० डॉलर. यावर ड्रमर स्टुडिओत वाजवणार, त्यामुळं गाइड ट्रॅक ढिला असेल तर अल्बमच ढिला होतो. हे आम्हाला दुसऱ्या गाण्यावर कळलं, गाइडमधली गिटार किंचित मागं होती आणि ड्रमर तिच्या मागं मागं गेला.

स्टुडिओ निवडताना माणूस निवडा

स्टुडिओच्या पेजवर गिअरची लांबलचक यादी असते, ती वाचून भुलू नका. त्या इंजिनियरनं आधी रेकॉर्ड केलेले खरे ड्रम ऐकायला मागा, सॅम्पल (आधीच रेकॉर्ड केलेले तयार फटके) लावलेले नाही, खरे. जिंगल आणि डबिंगवर चालणारे स्टुडिओ आपल्याकडं पुष्कळ आहेत आणि त्यांची व्होकल रूम झकास असते, पण ड्रमकिट लावायला जागा नसते, आणि हे तिथं किट घेऊन पोचल्यावर कळलं तर काय करणार.

फोनवरच विचारून घ्यायचं: तास कधीपासून मोजणार, सामान लावायचा वेळ धरून की सोडून? ड्रमवर एका वेळी किती चॅनल, म्हणजे किती माइक, घेता येतात? आठ असतील तर काम चालतं. कच्च्या फाइली आम्हाला त्याच दिवशी मिळणार ना? एसी चालू ठेवून रेकॉर्डिंग होतं की बंद करावा लागतो? शेवटचा प्रश्न मे महिन्यात करायचं असेल तर फार महत्त्वाचा, ड्रमर चौथ्या टेकला वितळलेला असतो.

स्वस्तात करणं म्हणजे कमीपणा, हे मात्र डोक्यातून काढा. 'इज धिस इट' न्यूयॉर्कच्या ईस्ट व्हिलेजमधल्या एका तळघरातल्या स्टुडिओत गॉर्डन राफाएलनं रेकॉर्ड केला आणि गायक ज्युलियन कॅसाब्लांकासचा आवाज पीव्ही कंपनीच्या बारक्या प्रॅक्टिस अँपमधून काढलाय, तो फोनवर बोलल्यासारखा चुरचुरीत आवाज तिथून आला. बॉन इव्हेअरवाला जस्टिन व्हर्नन २००६ च्या थंडीत विस्कॉन्सिनमध्ये वडिलांच्या केबिनमध्ये जाऊन राहिला आणि तिथं मुख्यतः शुअर एसएम५७ वर रेकॉर्ड करत बसला, तोच माइक जो आपल्याकडं प्रत्येक जॅमरूममध्ये जाळी चेपलेल्या अवस्थेत पडलेला असतो. दोघांचंही साधन साधं होतं पण आवाज कसा हवा ते ठरलेलं होतं.

आणि रेकॉर्डिंग इंजिनियर स्टीव्ह अल्बिनीची गोष्ट. निर्वाणा या अमेरिकन बँडनं 'इन युटेरो' या अल्बमसाठी त्याला विचारलं तेव्हा १९९२ मध्ये त्यानं त्यांना एक पत्र लिहिलं, ते नेटवर सहज मिळतं, जरूर वाचा. त्यात तो म्हणतो मला रॉयल्टी नको, प्लंबरला देतात तसे कामाचे पैसे द्या, आणि असंही म्हणतो की रेकॉर्ड करायला आठवड्यापेक्षा जास्त लागत असेल तर कुणीतरी माती खातंय (त्याचा शब्द याहून कडक आहे). फेब्रुवारी १९९३ मध्ये मिनेसोटातल्या पॅकिडर्म स्टुडिओत रेकॉर्डिंग आणि मिक्सिंग धरून दोनेक आठवड्यांत काम संपलं. आपण निर्वाणा नाही हे मान्य, पण आपल्याला तर दोन आठवडेही परवडणारे नाहीत, म्हणजे तयारी त्यांच्याहून जास्त पाहिजे.

आमच्यासारख्यांना जमणारी वाटणी अशी: ड्रम स्टुडिओत, दोन दिवस, सगळी आठ गाणी. बेस आणि गिटार घरी. आवाज एखाद्या छोट्या व्होकल रूममध्ये किंवा घरीच. मिक्स, म्हणजे सगळे ट्रॅक जुळवून एक करणं, बाहेरच्या माणसाकडं. पैसे ड्रम आणि मिक्सवर घाला, बाकी सगळं वेळ घालून भरून काढता येतं.

ड्रमचे दोन दिवस

ड्रमचं नवं कातडं, म्हणजे हेड, दोन दिवस आधी चढवा म्हणजे ताणून बसतं. किक पेडलला तेल घाला, कुईकुई आवाज रिहर्सलला ऐकू येत नाही, हेडफोनवर उंदीर शिरल्यासारखा येतो. जास्तीच्या काठ्या, डक्टटेप, एक जुना टॉवेल, ड्रम की दोन. सकाळी ड्रमर आणि इंजिनियर एवढेच आधी पाठवा, बाकीचे दोन तासांनी या, कारण पाच जण एकाच वेळी स्नेअरबद्दल मत द्यायला लागले की संपलं.

एक गोष्ट जवळून सांगतो कारण ती बहुतेकांना माहीत नसते आणि आम्हाला इंजिनियरनं दोरीनं शिकवली. किटच्या वर दोन ओव्हरहेड माइक असतात. आवाज साधारण एका मिलिसेकंदाला फूटभर जातो. आता स्नेअर एका माइकपासून तीन फुटांवर आणि दुसऱ्यापासून साडेतीन फुटांवर असेल तर तोच फटका दोन माइकमध्ये अर्धा मिलिसेकंद मागंपुढं पडतो आणि दोन्ही एकत्र केले की काही फ्रिक्वेन्सी एकमेकींना खातात. स्नेअर पत्र्यासारखा पातळ लागतो आणि मग लोक इक्यू (खर्ज-तार कमीजास्त करायची बटणं) फिरवत बसतात. उपाय काय तर एक सुतळी घ्या, एक टोक स्नेअरच्या मध्यावर धरा, दुसरं टोक पहिल्या माइकला टेकवून तिथं गाठ मारा, आणि दुसरा माइक त्याच गाठीवर येईल असा सरकवा. पाच मिनिटं लागतात. नंतर प्रत्येक माइकचं फेजचं (आवाजाची लहर उलटी करणारं) बटण उलटसुलट करून बघायचं, ज्या बाजूला खालचा धुम जास्त भरीव येतो ती बाजू बरोबर.

वाजवताना सगळ्यांनी एकत्र वाजवा, ठेवायचे मात्र फक्त ड्रम. गिटार अँपविना सरळ डीआयमधून (गिटार थेट वायरनं रेकॉर्डिंगला जोडणाऱ्या डबीतून) हेडफोनवर द्या, म्हणजे ड्रमच्या माइकमध्ये शिरत नाही. प्रत्येक गाण्याचे तीन पूर्ण टेक, मग ऐकायचं. पाचव्या टेकपर्यंत आलं नाही तर ते गाणं सोडा, दुसरं घ्या, चहा प्या, संध्याकाळी परत या. एका गाण्याचे अकरा टेक घेऊन शेवटी दुसराच ठेवला असं आमच्याकडं झालंय. आणि कुणीतरी एकानं वहीत लिहीत बसायचं: गाणं, टेक नंबर, 'कोरस झकास, शेवटचा फिल गंडला'. हे काम आमच्याकडं बेसवाल्याकडं होतं. अर्थात.

घरी गिटार आणि बेस: शत्रू नंबर एक, हूं

घरी प्लग केल्यावर पहिला ऐकू येतो तो हूंऽऽ आवाज. आपल्याकडं वीज ५० हर्ट्झची, त्यामुळं हा खर्जातला गुंजारव ५० आणि त्याच्या पटींत येतो. आधी लॅपटॉपचा चार्जर काढून बॅटरीवर चालवून बघा, निम्म्या घरांत तिथंच बंद होतो. मग पंख्याचा रेग्युलेटर, जुनी चोकवाली ट्यूबलाइट, इन्व्हर्टर, एकेक बंद करत जा. तरी आला तर गिटार घेऊन जागेवर हळूहळू गोल फिरा, सिंगल कॉइल पिकअप असेल तर एका कोनात आवाज पडतो, त्या कोनात खुर्ची टाका आणि तिथंच बसून अख्खा अल्बम वाजवा. बिल्डिंगचं अर्थिंगच गेलेलं असेल तर वायरमनला बोलवा. तीन पिनांच्या प्लगची अर्थची पिन तोडून हूं घालवायचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका, जिवाशी खेळ आहे.

अँपसमोर माइक लावताना एक साधी गोष्ट: स्पीकरच्या कोनच्या मध्यावर धरला तर आवाज टोकदार, कडेला सरकवला तर मऊ. एक जण वाजवत असताना दुसऱ्यानं माइक बोटबोट सरकवायचा आणि तिसऱ्यानं दुसऱ्या खोलीत हेडफोनवर ऐकून ओरडायचं 'थांब'. डिस्टॉर्शन स्टेजवर ठेवता त्याहून कमी ठेवा. डबल ट्रॅक केला, म्हणजे तोच भाग पुन्हा वाजवून डावी-उजवीकडं टाकला, की तो आपोआप मोठा होतो, आणि जास्त गेनचे, म्हणजे जास्त डिस्टॉर्शनचे, दोन ट्रॅक एकत्र आले की नुसता चिखल. अँपबरोबर साधा डीआय सिग्नलही रेकॉर्ड करून ठेवा, मिक्सवाला दुवा देईल.

पावसाळ्यात करत असाल तर गिटारीची मान दमटपणानं हलते. उघडी तार आणि बाराव्या फ्रेटवरचा सूर, दोन्ही ट्यूनरवर जुळतात का ते रोज बघा. ट्यूनिंग प्रत्येक टेकच्या आधी, प्रत्येक म्हणजे प्रत्येक.

पुण्यात असाल तर अजून एक. जुलै लागला की गणपतीच्या तयारीला ढोल-ताशा पथकांचा सराव सुरू होतो, संध्याकाळी नदीकाठ नुसता दणाणत असतो, आणि तुम्ही कितीही खिडक्या लावा, ढोल भिंतीतून येतो. आम्ही रात्री अकरानंतर करायला लागलो, तर कुत्री. शेवटी एका हळू गाण्याच्या शेवटाला लांबवर ताशा राहिलाच आहे आणि आता तो काढावासा वाटत नाही.

मराठी आवाजाची स्वतःची दुखणी

व्होकल रेकॉर्डिंगचे व्हिडिओ सगळे इंग्रजी गाण्यांसाठी असतात, त्यात प आणि ब बद्दल सांगतात आणि सोडून देतात. आपल्याकडं भ, फ, ध, ख, घ, सगळी महाप्राण अक्षरं, प्रत्येकासोबत हवेचा झोत. आमच्या एका गाण्याची ओळच 'भि'नं सुरू व्हायची आणि दर टेकला माइकवर कुणी बुक्की मारल्यासारखा आवाज. शेवटी माइक तोंडासमोरून काढून भुवईच्या उंचीवर नेला आणि तिथून खाली ओठांकडं झुकवला, म्हणजे झोत खालून निघून जातो आणि आवाज तेवढाच येतो. अंतर एक वीत. झोत अडवणारा पॉप फिल्टर विकत घ्यायचा नसेल तर भरतकामाची लाकडी रिंग आणि त्यावर ताणून बसवलेला पातळ नायलॉनचा मोजा, चालतो.

दुसरं म्हणजे स आणि श, हे कंडेन्सर माइकवर चिरतात, आणि मराठीत 'असशील', 'हससी' अशी ओळ असली की मिक्सवाल्याचा अंत. माइक किंचित बाजूला वळवला तर निम्मं काम होतं. आणि ळ. मागं डिस्टॉर्शन असलं की ळ चा ल होतो, मग 'काळा'चा 'काला' ऐकू येतो आणि हिंदी गाणं वाटतं. गायकाला ळ थोडा जास्त लावायला सांगा, त्याला स्वतःला नाटकी वाटेल, मिक्समध्ये बरोबर बसतो.

खोलीतला घुमारा मारायला गोधडी कुठं लावायची हाही घोळ असतो. लोक माइकच्या मागं लावतात. माइक बघतोय गायकाकडं, म्हणजे गायकाच्या पाठीमागच्या भिंतीवरून आपटून येणारा आवाज त्यात शिरतो, तेव्हा गोधड्या गायकाच्या पाठीमागं आणि दोन्ही बाजूंना टांगा. कपड्यांनी भरलेलं उघडं कपाट पाठीशी असेल तर उत्तमच. आमचा अर्धा अल्बम आजीच्या गोधड्यांत झालाय.

शब्द देवनागरीत मोठ्या अक्षरात छापा, श्वास कुठं घ्यायचा तिथं तिरकी रेघ मारा. चार पूर्ण टेक घ्या, प्रत्येक ओळीपुढं चार रकाने करा आणि ऐकताना चांगल्या टेकच्या रकान्यात खूण करा, मग चांगल्या ओळी जोडून एक करा. दोन तासांवर गाऊन घेऊ नका, त्यानंतरचं सगळं टाकाऊ असतं. पिच करेक्शन किंचित वापरलं तर पाप नाही, पण भावनेनं थरथरलेला सूर सरळ करू नका.

बॅकअप

एका रात्री आमची हार्डडिस्क टक टक करायला लागली आणि दोन गाण्यांच्या गिटार गेल्या. कुणाची चूक, तर माझी, एकच कॉपी होती. नियम जुना आहे: तीन कॉप्या, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक दुसऱ्या घरी. आणि फाइलला 'फायनल', 'फायनल २', 'खरंच फायनल' अशी नावं देऊ नका, तारीख द्या.

मिक्स: पाच जणांची मतं, एकाचा फोन

मिक्सवाल्याला व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपमध्ये घेऊ नका. घेतलंत की ड्रमर म्हणणार ड्रम वाढव, गिटारवाला म्हणणार गिटार, आणि प्रत्येक फेरीत सगळंच थोडं थोडं वाढत जाऊन शेवटी काहीच बदलत नाही. बँडमधला एकच माणूस बोलणार. बाकीच्यांनी त्याला मिनिट-सेकंद लिहून पाठवायचं, '१:४२ ला दुसरी गिटार गायकाच्या आवाजावर येते', 'थोडं अजून वॉर्म कर' असलं नाही. तोच ठरवणार काय पुढं जाईल. दोन दुरुस्त्या कामाच्या रकमेत धरलेल्या असतात, हे आधी बोलून घ्या आणि त्यातच संपवा.

ऐकायचं ते अगदी हळू आवाजात, फोनच्या स्पीकरवर, अगदी स्वस्तातल्या इअरफोनवर, आणि गाडीत. गाडीत बेस कळतो. गायकाच्या आवाजाची पातळी तपासायला तुमची गाणी कधीच न ऐकलेल्या माणसाला एकदाच ऐकवा आणि दुसऱ्या कडव्यातले शब्द काय होते ते विचारा. आपल्याला शब्द पाठ असतात म्हणून ते कायम ऐकू आल्यासारखे वाटतात. जाता जाता गायकाच्या आवाजाविना मिक्सही मागून ठेवा, पुढं रीलला, गिगला, कुठंही लागतो.

मास्टरिंग, म्हणजे मिक्सवरचा शेवटचा हात, शक्यतो दुसऱ्या कानांकडून करून घ्या. त्याला २४ बिटची फाइल द्या, मास्टर चॅनलवर लिमिटर (आवाजाची शिखरं दाबणारं प्लगइन) न लावता. आवाज फुगवायच्या मागं लागू नका, स्पॉटिफाय ऐकताना साधारण उणे १४ लफ्सला (लफ्स म्हणजे कानाला जाणवणाऱ्या मोठेपणाचं माप) आणून ठेवतं, म्हणजे तुम्ही दाबून दाबून उणे ७ ला नेलेलं गाणं तिथं खालीच येणार, वर दबलेलं ते दबलेलंच. रॉकला उणे १० च्या आसपास शोभतं असं आपलं माझं मत. शिखर उणे १ डीबीच्या वर जाऊ देऊ नका. गाण्यांचा क्रम आणि मधल्या शांततेचे सेकंद मास्टरिंगच्या आधी ठरवून द्या.

कागद, ज्याच्यावरून बँड फुटतात

हे खरं तर रेकॉर्डिंगच्या आधी करायचं. एका पानावर लिहा: गाणं कुणाचं, शब्द कुणाचे, चाल कुणाची, किती टक्के, खाली सगळ्यांच्या सह्या. आपल्या कायद्यात शब्द, संगीत आणि ध्वनिमुद्रण हे तीन वेगळे हक्क आहेत, आणि ध्वनिमुद्रणाचा हक्क ज्यानं पुढाकार आणि जबाबदारी घेऊन ते करवून घेतलं त्या निर्मात्याचा असतो. पैसे एकट्यानं भरले आणि कागद नाही, तर उद्या तो एकटाच मालक असल्याचं म्हणू शकतो. बाहेरून सारंगी वाजवायला कुणाला बोलावलंत तर त्याचाही कागद करा, मानधन लिहून. नोंदणी ऐच्छिक आहे, हवी तर कॉपीराइट ऑफिसची फी संगीत किंवा शब्दांच्या कृतीला ५०० रुपये आणि ध्वनिमुद्रणाला २००० रुपये. गीतकार-संगीतकारांनी आयपीआरएसचं (त्यांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचं) सभासदत्व घेऊन ठेवा.

कवितेला चाल लावायची हौस मराठी बँडांना फार, आम्हालाही होती. भारतात हक्क कवीच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. बालकवी १९१८ ला गेले, बिनधास्त घ्या. मर्ढेकर १९५६ ला गेले, म्हणजे २०१६ संपलं तेव्हा तेही मोकळे झाले. कुसुमाग्रज १९९९, कोलटकर २००४, यांच्यासाठी परवानगी लागते, आणि 'श्रद्धेनं केलंय' हे कारण चालत नाही. तुकोबांचा अभंग मोकळा आहे, पण तुम्ही लहानपणापासून ऐकलेली चाल कुण्या संगीतकाराची असू शकते, ती मोकळी नाही.

रिलीज

डिस्ट्रिब्युटरकडं, म्हणजे गाणी स्पॉटिफायसारख्या ठिकाणी पोचवणाऱ्या कंपनीकडं, निदान चार आठवडे आधी चढवा. स्पॉटिफायच्या संपादकांना गाणं पाठवायचं तर रिलीजच्या किमान ७ दिवस आधी, आणि एका वेळी एकच गाणं पाठवता येतं, तेव्हा कुठलं ते आत्ताच ठरवा. अल्बमआधी दोन-तीन सिंगल काढा म्हणजे तेवढ्या संधी जास्त. कव्हर ३००० बाय ३००० पिक्सेल. भाषा मराठी निवडा, घाईत हिंदी राहून जातं. आयएसआरसी हा प्रत्येक रेकॉर्डिंगचा १२ अक्षरी नंबर डिस्ट्रिब्युटर देतो, वहीत उतरवून ठेवा, कंपनी बदलली तरी तोच वापरायचा म्हणजे आकडे जात नाहीत. गाण्याचं नाव रोमनमध्ये कसं लिहायचं तेही एकदाच ठरवा, एका ठिकाणी एक ए आणि दुसरीकडं दोन ए असलं की शोधणाऱ्याला सापडत नाही.

पैशाचं म्हणाल तर २०२४ पासून स्पॉटिफायवर ज्या गाण्याला बारा महिन्यांत १००० स्ट्रीम होत नाहीत त्याचे पैसेच मिळत नाहीत. बँडकँप या संगीत विकायच्या साइटवर डिजिटल विक्रीतले साधारण १५ टक्के ते ठेवतात, उरलेले तुमचे, पेमेंटचा चार्ज वेगळा, आणि परदेशातले मराठी लोक तिथं घेतात, आमच्या पहिल्या दहा खरेदीदारांत चार जण तिकडचे होते. बाकी गिगला टी-शर्ट विकून जास्त सुटतात.

रिलीजच्या रात्री बारा वाजता स्वतःच्या फोनवर अख्खा अल्बम पहिल्या सेकंदापासून ऐका, शेअर करायच्या आधी. आम्ही आधी शेअर केलं, मग ऐकलं. सहाव्या गाण्याच्या नावाखाली सातवं वाजत होतं आणि सातव्याच्या नावाखाली सहावं, फाइली चढवताना माझाच हात चुकला होता. बदलून यायला चार दिवस गेले, आणि त्या चार दिवसांत ज्यांनी ऐकलं ते अजूनही गिगला चुकीच्या नावानं फर्माईश करतात.